आईला टीव्ही

दुपारी डोळा लागेना म्हणून 'ऑल दॅट हेवन अलाउज' लावला. १९५५चा सिनेमा, दिग्दर्शक डग्लस सर्कचा. अमेरिकेतलं टुमदार गाव, मोठ्या मुलांची आई असलेली विधवा कॅरी (जेन वायमन) आणि तिच्या अंगणातली झाडं छाटायला येणारा रॉन (रॉक हडसन). तो वयानं लहान, त्यात माळी! क्लबात कुजबुज, घरात आदळआपट. लेक फ्रॉइड घोकून आलेली. जगातल्या कुणाच्याही मनाची चिरफाड करेल, पण आईच्या लग्नाचं निघालं की बाईसाहेबांचे डोळे भरून येतात.

मुलांखातर कॅरी रॉनला नाही म्हणते. मग नाताळात कळतं की लेकीचं लग्न ठरलंय, मुलगा परदेशी चाललाय आणि एवढं मोठं घर विकलेलंच बरं. आईला एकटं वाटू नये म्हणून रिबीन बांधलेला टीव्ही! विकणारा कौतुकानं सांगतो, बटण फिरवलं की हवी तेवढी सोबत. बंद काचेत कॅरीचा चेहरा दिसतो. सर्कनं अख्ख्या सिनेमात याहून दुष्ट काही दाखवलेलं नाही.

आमच्या वाड्यातल्या काकूंनाही मुलांनी टीव्ही पाठवला होता. सरकत्या शटरचा, वर क्रोशाचा रुमाल. रविवारी आम्ही सगळी पोरं त्यांच्या जाजमावर. काकू स्वतः टीव्हीकडे बघायच्याच नाहीत, आमच्याकडे बघत शेंगा सोलायच्या. पिक्चर संपला की आमची चपला शोधायची झुंबड. "बसा की रे, आता बातम्या लागतील," त्या म्हणायच्या. बातम्यांसाठी कोण थांबतंय!

असो. माझं भांडण शेवटाशी आहे. कॅरी आपणहून रॉनच्या दारापर्यंत जाते आणि दार न वाजवता परत फिरते. तिला वरून हाका मारताना तो बर्फाच्या कड्यावरून घसरतो. मग डॉक्टर, बेशुद्धी, उशाशी बसलेली कॅरी, आणि खिडकीबाहेर एक हरीण. ते हरीण मला अजिबात सोसत नाही. बाईनं मनासारखं वागायचं, तर आधी पुरुषाला कड्यावरून पाडायचं. एकदा शुश्रूषा सुरू झाली की गावाला काय बोलायला जागा?

दार वाजवून सरळ "आले" म्हणाली असती तर काय बिघडलं असतं? सिनेमा जरा लवकर संपला असता, एवढंच.