काटकोन त्रिकोणातला कोन काढताना

एक लघुकोन दिलेला असेल तर प्रश्नच मिटला: ९० मधून वजा करा, दुसरा मिळतो. खरं काम सुरू होतं ते फक्त बाजू दिलेल्या असतात तेव्हा.

अशा वेळी कॅल्क्युलेटर लगेच हातात घेऊ नका. जो कोन हवाय त्यावर आकृतीत खूण करा आणि त्या कोनाकडून पाहून बाजूंना नावं द्या. काटकोनासमोरचा कर्ण ठरलेलाच. खूण केलेल्या कोनासमोरची ती समोरची बाजू, उरलेली लगतची. दुसरा लघुकोन धरला की समोरची आणि लगतची यांची अदलाबदल होते. आकृती तिरकी काढलेली असली की आडवी दिसणारी बाजू म्हणजे लगतची असं पुष्कळ जण धरून चालतात, आणि उत्तरात नेमका दुसराच कोन येतो.

नावं दिली की गुणोत्तर आपोआप ठरतं. समोरची आणि कर्ण माहीत असेल तर साइन (समोरची ÷ कर्ण), लगतची आणि कर्ण असेल तर कोसाइन (लगतची ÷ कर्ण), कर्ण नसेल तर टॅन (समोरची ÷ लगतची).

समजा समोरची बाजू ७ सेंमी आणि लगतची १० सेंमी आहे. टॅन = ७ ÷ १० = ०.७. आता उलटा प्रश्न विचारायचा: कोणत्या कोनाचा टॅन ०.७ आहे? कॅल्क्युलेटरवर शिफ्ट दाबून मग टॅन (पडद्यावर tan⁻¹ दिसतं), मग ०.७. उत्तर ३४.९९°, म्हणजे जवळपास ३५°. दुसरा कोन ५५°.

उत्तर ०.६१ आलं तर कॅल्क्युलेटर रेडियनमध्ये (कोन मोजायच्या दुसऱ्या एककात) आहे, तो अंशांवर आणा. टॅनच्या डोक्यावरच्या उणे १ चा अर्थ ‘एक भागिले टॅन’ असा घेतलात, तर ८१.८५ येतं. ही चूक जास्त घातक, कारण आकडा अगदी कोनासारखा दिसतो. म्हणून आकृतीकडे एकदा पाहायचंच: ७ ही १० पेक्षा लहान, तेव्हा तिच्यासमोरचा कोन ४५° पेक्षा लहानच हवा. साइन किंवा कोसाइनच्या वेळी कॅल्क्युलेटरने एरर दाखवली तर बहुधा भागाकार उलटा झालाय; कर्ण नेहमी खाली.

बाजू प्रत्यक्ष मोजलेल्या असतील तर एक गोष्ट फार महत्त्वाची आहे, आणि तिच्याकडे सहसा लक्ष दिलं जात नाही. कर्ण १० आणि समोरची बाजू ९.९० असेल तर साइनवरून कोन ८१.८९° येतो. तीच बाजू ९.९५ मोजली गेली, तर ८४.२७°. मापात ०.०५ चा फरक आणि कोन सव्वादोन अंशांहून जास्त सरकला! तेवढाच फरक १.०० आणि १.०५ मध्ये असता तर कोन ०.३° सुद्धा हलला नसता. ९०° जवळ साइन जेमतेम वाढतो, म्हणून असं होतं. अशा त्रिकोणात छोटी बाजू मोजा आणि टॅन किंवा कोसाइन वापरा. पायथागोरसने काढलेली बाजू पुढे वापरण्यापेक्षा मोजलेल्या दोन बाजूंवरूनच कोन काढलेला बरा.

गुणोत्तर मध्येच छाटू नका. साइन ५ ÷ १३ असताना ०.३८ घेतलं तर २२.३३° येतं, पूर्ण आकडा ठेवला तर २२.६२°. आणि मिनिटांत लिहिताना २२.६२° म्हणजे २२ अंश ६२ मिनिटं नव्हेत, ०.६२ ला ६० ने गुणा, २२ अंश ३७ मिनिटं.