जादू चालेल, पण गणित चुकलं की नापास

खगोलशास्त्र आणि गूढविद्या एकत्र शिकवणारी एक अकादमी बरेच दिवस डोक्यात घोळतेय, गोष्ट लिहायचीय तिच्यावर, पण आधी तिथले नियम तरी पक्के करू म्हणून हे टाइप करतेय.

अशा गोष्टींमध्ये मला एक गोष्ट कायम खटकते, तारे नुसते डेकोरेशनला असतात. मोठा घुमट, पितळेची यंत्रं, निळे झगे, मग कुणीतरी हात वर करतं आणि शनी लगेच कामाला लागतो. अरे पण शनी त्या वेळी क्षितिजाच्या वर तरी आहे का? माझ्या अकादमीत पहिला प्रश्न हाच, उत्तर चुकलं तर मंत्र वाया. गूढ जे काही असेल ते खऱ्या आकाशातूनच आलं पाहिजे, त्याला वळसा घालून नाही.

आणि दोन्ही एका छपराखाली नांदणार कसं म्हणाल तर ऑलरेडी नांदलंय की! टायको ब्राहे या डॅनिश खगोलशास्त्रज्ञाने 1576 मध्ये ह्वेन बेटावर युरानिबोर्ग ही वेधशाळा बांधायला घेतली. वर दुर्बिणीशिवाय ग्रहांची मोजमापं, इतकी काटेकोर की पुढे केप्लर या खगोलशास्त्रज्ञाला त्यावरूनच मंगळाची लंबवर्तुळाकार कक्षा सापडली, आणि खाली तळघरात किमयेच्या भट्ट्या. केप्लर स्वतः कुंडल्या मांडायचा. त्याच्या 1619 च्या पुस्तकात प्रत्येक ग्रहाला सूर दिलेत, पृथ्वीला मी-फा-मी, आणि त्याच पुस्तकात ग्रहगतीचा तिसरा नियम आहे जो आजही चालतो. वर त्याच काळात त्याच्या आईवर चेटकीण असल्याचा आरोप, तिचा बचाव हा बाबा स्वतः करतोय, 1621 मध्ये ती सुटली. वराहमिहिराचंही तेच, बृहत्संहितेत पानंच्या पानं शकुन-अपशकुन, पण राहू सूर्याला गिळतो हे मात्र त्याला मान्य नाही, ग्रहण सावलीमुळे होतं असं तो त्याच ग्रंथात सांगतो.

राहू-केतूसाठी अकादमीत एक वेगळी खोली आहे, पूर्ण रिकामी. मूर्ती नाही, आसन नाही, काही नाही. कारण तिथे आकाशातही काही नाहीये. चंद्राची कक्षा साधारण 5 अंशांनी कललेली, ती सूर्याच्या वाटेला दोन ठिकाणी छेदते, ते दोन बिंदू म्हणजे राहू आणि केतू, बस. दगड नाही, धूळ नाही, पण अमावास्या किंवा पौर्णिमा त्यांच्याजवळ आली की ग्रहण. ज्याला अंगच नाही आणि तरी सूर्य झाकला जातो, याहून भारी राक्षस कुणी रचून दाखवावा. तर त्या खोलीच्या जमिनीवर एक वर्तुळ कोरलंय आणि विद्यार्थ्यांनी दर महिन्याला राहूची खूण खडूने पुढच्या जागी करायची, पुढच्या म्हणजे खरं तर मागच्या, कारण हे बिंदू उलटे सरकतात, महिन्याला दीड अंशाहून थोडं जास्त, पूर्ण फेरी 18.6 वर्षांची. खूण अचूक पडली तरच खोलीत आवाज येतो. चुकली तर नुसती रिकामी खोली.

उत्तरेच्या भिंतीतली झिरी हा माझा सगळ्यात लाडका भाग. अकादमी जवळजवळ 5,000 वर्षं जुनी, तेव्हा ध्रुवाच्या जागी थुबान नावाचा तारा होता. संस्थापकांनी झिरी अशी कोरली की त्यातून रात्रभर तोच एक न हलणारा तारा दिसावा, आणि नवीन मुलांनी त्याच्याकडे बघून शपथ घ्यावी. आता पृथ्वीचा अक्ष डुलतो, एक डुलकी साधारण 26,000 वर्षांची, त्यामुळे थुबान हळूहळू झिरीबाहेर गेला. मग कित्येक शतकं तिथे ठळक असं काहीच नाही, नुसता अंधार. आज त्यात आपला ध्रुवतारा आहे, तोही अगदी बरोब्बर मध्ये नाही. झिरी तीच, जागा तीच, तारा बदलला. मग शपथ ताऱ्याची की जागेची? यावरून अकादमीत दोन तट आहेत, एकमेकांशी बोलत नाहीत, जेवायलाही वेगळे बसतात. आणि मधल्या शतकांत ज्यांनी अंधाराकडे बघून शपथ घेतली त्यांच्या वह्या कुलपात आहेत, का ते मलाही अजून ठरवायचंय. (अभिजित तारा साधारण 12,000 वर्षांनी ध्रुवाच्या आसपास येईल, पण झिरीत बसणार नाही. दोन्ही तटांना हे माहितीये, बोलत कुणीच नाही.)

तेराव्या राशीचं, म्हणजे सूर्याच्या वाटेवर असूनही बारा राशींत न धरलेल्या भुजंगधारी तारकासमूहाचं प्रकरण मी मुद्दाम घेतलं नाही, त्यावर आधीच खूप दंगा झालाय.

सध्या अडलेय परीक्षेवर. 2019 च्या शेवटी आर्द्रा, म्हणजे बेटेलज्यूझ हा तांबडा तारा, खरंच मंद व्हायला लागली होती, फेब्रुवारी 2020 पर्यंत इतकी की एरवी रोहिणीपेक्षा ठळक दिसणारा तारा तिच्याहून फिका. मी हेच अकादमीत घडवतेय. आर्द्रेची देवता रुद्र, त्यामुळे गूढवाले गुरुजी घोषणा करून मोकळे की रुद्राने डोळा मिटला. एक मुलगी मात्र रोज रात्री शेजारच्या ताऱ्यांशी ताडून तेज लिहून ठेवते आणि कारणाचा रकाना कोरा सोडते. खरं कारण नंतर कळलं ते असं की ताऱ्यानेच बाहेर टाकलेल्या वायूतून धूळ तयार झाली आणि ती आड आली, पण परीक्षेच्या दिवशी हे कुणालाच माहीत नसणार. बाकी सगळ्यांनी तो रकाना भरलाय, सुंदर अक्षरात, एकाने तर श्लोकही रचलाय.

तिला मी पास करणार आहे. श्लोकवाल्याला किती मार्क द्यायचे तेवढं सांगा, कारण श्लोक खरंच चांगला झालाय.