१०२ वरचं शिखर

तळोजाच्या एका कारखान्यातून कॅटॅलिस्ट, म्हणजे उत्प्रेरक, तपासायला आला होता. अ‍ॅल्युमिनावर पॅलेडियम, हायड्रोजनेशनमध्ये, म्हणजे हायड्रोजन जोडायच्या कामात, ‘मेलेला’. गंधकानेच मारला, हे त्यांनी आधीच ठरवलेलं. ताजा नमुनाही पाठवा, असं मी दोनदा सांगितलं. नाही पाठवला, एका नमुन्याचे पैसे वाचवले.

आमचं मशीन एक्सपीएस. क्ष-किरण मारायचे, सुटलेल्या इलेक्ट्रॉनांची ऊर्जा मोजायची. दिसतो तो वरचा पाच-दहा नॅनोमीटरचा थर, पण विषबाधा होते तीही तिथेच. गंधकाच्या जागी रेघ सपाट. आणि १०२ इलेक्ट्रॉन-व्होल्टवर सिलिकॉनचं ठसठशीत शिखर.

“डेसिकेटरमधली सिलिका जेल उडाली असेल,” साहेब म्हणाले. डेसिकेटर म्हणजे नमुने कोरडे ठेवायचं हवाबंद काचेचं भांडं. सिलिका १०३.५ च्या आसपास येते. दीड व्होल्ट साहेबांना किरकोळ वाटत असेल, मला नाही. १०२ म्हणजे ग्रीस-तेलातलं सिलिकोन. कारखान्यात फेस मारायला सिलिकोनचं अँटीफोम घालतात, हे फोनवर कळलं आणि मी खूश. माझ्या सहीनिशी रिपोर्ट गेला.

चौथ्या दिवशी मशीन तपासायला सोन्याचा पत्रा लावला. सोनं ८४.० वर यायला हवं, आलं. सोबत १०२ वरही काहीतरी. पत्रा त्याच डेसिकेटरमध्ये होता.

झाकण सरकवलं. काठावर हवाबंदीसाठी लावलेल्या सिलिकोन ग्रीसचे थरावर थर, आतल्या काचेवर बोटाचा चिकट ठसा. ग्रीस जागेवरच राहतं, पण त्यातले हलके रेणू आतल्या प्रत्येक वस्तूवर जाऊन बसतात.

लॅबमधल्या काकांना विचारलं, “काका, किती लावता?”

“पावसाळ्यात जरा जास्तच लावतो, सर. गेल्या जुलैत ओल शिरली म्हणून तुम्हीच ओरडला होतात.”

ओरडलो होतो.

सोन्यावरचं शिखर बारकं होतं, कॅटॅलिस्टवरचं मोठं. पण सच्छिद्र अ‍ॅल्युमिना वाफ ओढून धरणार, गुळगुळीत पत्रा नाही. ती तुलना चालत नाही. ताजा नमुना शेजारी ठेवून मोजला असता तर तेव्हाच कळलं असतं. पैसे त्यांनी वाचवले हे खरं, पण कोरा पत्रा आधी लावायला मला कोणी अडवलं होतं?

कारखान्याला फोन केला. तिकडे आनंदीआनंद. अँटीफोम बदललं, नवा कॅटॅलिस्ट भरला, प्लांट झकास चाललाय. नवा भरल्यावर चालणारच, हे मी बोललो नाही. फक्त विचारलं, जुन्यातला मूठभर मिळेल का, थेट काचेच्या बाटलीत?

“तो गेला की हो, पॅलेडियम काढायला. तुमचा रिपोर्ट बरोबर निघाला, सर.”