नागपूरहून मिनिकॉय: जाणाऱ्यांसाठी थोडं

लक्षद्वीप म्हटलं की लोक अगत्ती-बंगाराम करून येतात, आम्ही मिनिकॉय धरलं, म्हणजे पार दक्षिणेचं टोक, त्याच्या खाली मालदीवच. पहिले परमिटच्या मागे लागा राजेहो, आपल्या एरियाच्या पोलीस स्टेशनचं क्लिअरन्स लागते आणि त्याला वेळ जाते, तिकिटं मग काढा. केरळा एक्सप्रेसनं एर्नाकुलम, तिथून कोचीच्या विलिंग्डन आयलंडवरून जहाज. जहाजाच्या तारखा पुढेमागे होतात, कोचीत एखादा दिवस जास्तीचा ठेवाच. पावसाळ्यात जायचं नाव काढू नका.

बेटावर लागून लागून अकरा गावं आहेत, प्रत्येकाचा निवडून दिलेला मूपन, म्हणजे गावप्रमुख. बाकी लक्षद्वीप मल्याळम बोलते, हे लोक महल, म्हणजे मालदीवच्या धिवेहीचीच बोली. बरेच पुरुष मर्चंट नेव्हीत, मग मागं घर आणि गाव बायाच पाहतात, आणि लग्न झालं की नवराच बायकोकडं राहायला जाते! गावचं काम निघालं की सगळे मिळून करतात. पाहायला भारी वाटते, खरंच, पण "मी नाही येत" म्हणणाऱ्याचं इथं कसं होत असन हे माझ्या डोक्यातून जाईना. आपल्या नागपुरात जुन्या महाल भागातल्या वाड्यात नाही जमलं तर माणूस तिकडं मनीषनगरात फ्लॅट घेऊन मोकळा होते, इथं सगळं बेटच दहाएक किलोमीटर लांब, जाशील कुठं? मला तर वाटते जहाजावरची नोकरी ही पगारासोबत थोडी सुटका पण असावी. अर्थात हा माझा अंदाज, तिथं कोणाला विचारायची हिंमत नाही झाली.

दक्षिणेला विरिंगिली नावाचा चिमुकला तुकडा आहे, पूर्वी कुष्ठरोग्यांना तिथं नेऊन सोडत. आनंदवन पाहिलेल्या विदर्भातल्या माणसाला ते ऐकून कसंतरीच होते. आधीच एवढं एकटं बेट, आणि त्याच्यातही आणखी वेगळं टाकायला एक बेट.

१८८५चं लाइटहाऊस चुकवू नका, वरून सगळं लगून, म्हणजे बेटाला लागून असलेलं उथळ पाणी, दिसते. बायांचे फोटो विचारल्याशिवाय काढू नका, गावात शॉर्ट्स घालून फिरू नका. दारूबंदी आहे, आणि ती वर्धेसारखी नाही, खरीच आहे. जेवणात ट्यूना, नाहीतर वाळवलेला ट्यूना, शाकाहारी असान तर चिवडा-ठेचा सोबत घ्या. कॅश कोचीतूनच काढून न्या.