आज पुन्हा ज्याँ द्युजार्दँ

रविवार, रात्रीचे साडेअकरा

आज आईला घेऊन बसले आणि 'द आर्टिस्ट' हा मूकपट लावला. माझा तिसऱ्यांदा, तिचा पहिल्यांदा. झोप येत नाहीये म्हणून लिहून काढते.

त्यातला हिरो, फ्रेंच नट ज्याँ द्युजार्दँ, मला आधी टीव्हीवरचाच माहिती. फ्रेंच शिकत होते तेव्हा बाई म्हणाल्या होत्या, 'अँ गा, युन फीय' ही त्याची सिरियल बघ, छोटे छोटे एपिसोड असतात, कान तयार होतो. एक जोडपं, तो लूलू, ती शूशू, आणि घरात, गाडीत, सासरी, कुठेही गेले तरी कुरबुर चालूच. मूळ सिरियल क्विबेकची, फ्रान्समध्ये १९९९ ते २००३ चालली. त्यात कॅमेरा एका जागी आणि फ्रेममध्ये बहुतेक हे दोघंच, बाकीच्यांचे चेहरे सहसा दिसतच नाहीत, म्हणजे समोरचं माणूस बोललेलं फक्त ऐकू येतं आणि जे काही घडायचं ते सगळं ह्याच्या तोंडावर. भुवई जराशी वर, ओठ मुडपलेले, आणि थाप पकडली गेली की हळूहळू पसरत जाणारं ते हसू. अर्धे शब्द कळायचे नाहीत तरी मी पोट धरून हसायचे.

म्हणून कोणी म्हणालं ना की २०१२ चं ऑस्कर त्याला अचानक मिळालं, की मला वाईट वाटतं. अचानक कसलं! आधी वडिलांच्या कंपनीत काम, मग मित्रांबरोबर स्टेजवर स्किट, मग ती सिरियल, मग २००५ ला 'ब्रिस द नीस', पिवळा टीशर्ट घालून नीसच्या शांत समुद्रात मोठ्या लाटेची वाट बघत बसलेला सर्फर (मला तो तितका नाही आवडला, फ्रान्समध्ये मात्र तुफान चालला). २००६ ला 'ओएसएस ११७' मधला तो स्वतःवरच खूश असलेला हेर, आणि तिथेच डिरेक्टर मिशेल हाझानाव्हिस्यूस आणि अभिनेत्री बेरेनीस बेजो भेटले. 'द आर्टिस्ट' याच तिघांचा. बेस्ट अ‍ॅक्टरचं ऑस्कर घेणारा हा पहिला फ्रेंच नट, आणि तेही जवळजवळ अख्खा पिक्चर न बोलता.

त्यातला एक सीन मी आज दोनदा मागे घेतला. शूटिंग चालू आहे, त्याला फक्त गर्दीतून पलीकडे जायचंय, वाटेत एका एक्स्ट्रा मुलीबरोबर दोन पावलं नाचायचं. टेक, परत टेक, परत टेक. दरवेळी तो जरा जास्त वेळ तिच्यापाशी रेंगाळतो, आधी दोघं हसतात, मग एका टेकला हसूच जातं आणि तो नुसता बघत राहतो. प्रेमात पडला हे आपल्याला तिथे कळतं. ही नजर त्या सिरियलमध्येच घडली असं मला मनापासून वाटतं.

आईला ना फ्रेंच येत ना इंग्लिश, पडद्यावर संवादांच्या पाट्या येतात त्या मी वाचून दाखवणार होते. पहिल्या पाचेक मिनिटांनंतर म्हणाली, "तू गप्प बस गं, कळतंय मला."

शेवटी तो बोलतो, दोनच शब्द, इंग्लिशमध्ये पण पक्क्या फ्रेंच उच्चारात. आई दचकून माझ्याकडे बघायला लागली, मग म्हणाली, "आवाज छान आहे की त्याचा." आणि परत तो नाचाचा सीन लाव म्हणाली.