उजेडात बघून सांगते

परवा दुपारी पुण्यात कुंटे चौकातल्या एका मॅचिंग सेंटरबाहेर एक काकू भर उन्हात उभ्या होत्या. एका हातात साडीचा पदर, दुसऱ्या हातात ब्लाउजपीस, मागे आणखी चार तुकडे घेतलेला दुकानातला पोऱ्या. फुटपाथवर लावलेल्या दोन स्कूटरींच्या मधे उन्हाची पट्टी होती, तिथे त्यांनी पदर आणि तुकडा शेजारी शेजारी धरला, मान तिरकी केली आणि निकाल दिला, "नाही रे, हा आत वांगी दिसतो आणि बाहेर सरळ जांभळा!"

हे दर्शन आहे, म्हणजे तत्त्वज्ञानाची एक शाखाच, अशी माझी तिथल्या तिथे खात्री पटली. सांख्य, न्याय, मीमांसा यांच्या पंगतीला खुशाल बसवावं असं. कुणी ग्रंथ लिहिला नाही, कारण ग्रंथ लिहिणाऱ्यांना ब्लाउज शिवायचे नव्हते. तर ते काम मी करतो. नाव उंबरठादर्शन. पहिलं सूत्र, ट्यूबलाइट हे प्रमाण, म्हणजे खरं ज्ञान मिळवायचं साधन, नव्हे. दुसरं, शब्द हे प्रमाण खरं, पण तो आप्ताचा, म्हणजे भरवशाच्या माणसाचा, असावा लागतो आणि दुकानदार आप्त नव्हे.

या दर्शनाची दीक्षा मला लहानपणीच मिळाली, पिशव्या धरायला म्हणून. आई लक्ष्मी रोडवरच्या दुकानात गादीवर बसायची, ढीगभर तुकडे उलगडायला लावायची आणि मग म्हणायची, "जरा उजेडात बघून सांगते." दुकानदाराचा चेहरा पडायचा. मी तिच्या मागे दारापर्यंत. आत जुळ्या भावांसारखे दिसणारे दोन तुकडे बाहेर एकमेकांना ओळखही दाखवायचे नाहीत. याला शास्त्रात मेटॅमेरिझम म्हणतात हे पुढे कळलं. ट्यूबच्या उजेडात काही तरंगलांबी ठासून भरलेल्या असतात, काही जवळपास नसतातच. त्यामुळे निराळे रंगही एक भासतात. सूर्य मात्र सगळ्या पाठवतो. आईला हे सांगितलं तर म्हणाली, "मग मी काय वेगळं म्हणत होते?"

जुन्या मंडळींनीही यात डोकं घातलेलंच आहे. सतराव्या शतकातल्या अन्नंभट्टाने तर्कसंग्रह या न्यायशास्त्राच्या पोथीत रूपाचे, म्हणजे रंगाचे, सात प्रकार सांगितलेत: पांढरा, निळा, पिवळा, तांबडा, हिरवा, कपिश म्हणजे तपकिरी आणि सातवा चित्र. चित्र म्हणजे चित्रविचित्र, अनेकरंगी. पण मोजायचा स्वतंत्र एक रंग म्हणून. न्यूटननेही १७०४च्या ऑप्टिक्समध्ये सातच मोजले. सातावर सगळ्यांचा एवढा जीव का, कोण जाणे. पण धूपछाव साडीचं काय करायचं? उभा धागा एक, आडवा दुसरा, चालताना तिसराच. हे चित्ररूप की दोन रूपं, यावर नैयायिकांनी, म्हणजे न्यायदर्शनवाल्यांनी, पानंच्या पानं भरली असती. आईने एका वाक्यात मिटवलं, "त्यावर दोन्ही ब्लाउज चालतात."

मातीचा घडा भट्टीत लाल होतो तो अणू अणूने की सबंध घडाच, यावर वैशेषिक हे शेजारचं दर्शन मानणारे आणि नैयायिक यांचं कडाक्याचं भांडण आहे. आमच्या दर्शनात प्रश्न उलटा: साडीचा रंग जातो तो जातो कुठे? याचं उत्तर घरात सिद्ध झालेलं होतं. बाबांच्या बनियनमध्ये. बाबा ते गुलाबी बनियन निमूटपणे घालायचे.

तिसरं सूत्र लिहायला घेतलं होतं, 'ऊन खोटं बोलत नाही'. तेवढ्यात आईचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं. वयाबरोबर डोळ्यातलं भिंग पिवळट होत जातं आणि निळा उजेड अडवून धरतं; नवं भिंग बसलं की तो एकदम आत येतो. पट्टी निघाल्यावर काही दिवसांनी तिने कपाट उघडलं आणि एक साडी ओढून खिडकीशी नेली. "ही मोरपंखी आहे? मी तर हिरवी म्हणून नेसत होते इतकी वर्षं." म्हणजे दारापर्यंत जाऊन, उन्हात धरून, मान तिरकी करून बघितलेलं सगळं त्या भिंगातून गाळून आलेलं. न्यायमतात डोळा हा तेजाचाच बनलेला, त्याचे किरण बाहेर जाऊन वस्तूला भिडतात. जाताना वाटेत काय लागतं, याचा विचार त्यांनी केला होता की नाही, ते मी तिला सांगत बसलो.

तिचं लक्ष नव्हतं. दुसरा डोळा अजून व्हायचा होता. ती एकदा हा डोळा मिटून बघत होती, एकदा तो. बाबांचाही एकच डोळा झाला होता, दुसऱ्याची तारीख ठरली त्याआधी ते गेले. ती बाहेर जायला तयार झाली की ते असेच आळीपाळीने डोळे मिटायचे आणि म्हणायचे, "या डोळ्याला निळी नेसलीयेस, या डोळ्याला हिरवी. कुठलीला बरोबर नेऊ?" आम्ही सगळे हसायचो.

आई साडीची घडी घालता घालता म्हणाली, "अरे, हे थट्टा नव्हते करत."