फोटोला टिकली

आईने पाठवलेल्या फोटोत गुलाब शोधावे लागत नाहीत, माणसं शोधावी लागतात.

परवा तिच्या कुंडीतल्या ब्रह्मकमळाला पहिलं फूल आलं. त्यासाठी ती रात्री साडेबारापर्यंत जागी राहिली, फोटो काढला आणि घरच्या ग्रुपवर टाकला. फोटोच्या चारी कोपऱ्यांत स्टिकरचे चार लाल गुलाब, वर दोन फुलपाखरं (रात्री साडेबाराला!) आणि देठाशी एक समई. ब्रह्मकमळ मधे कुठेतरी अंग चोरून बसलेलं.

"अगं, फुलाला फुलं कशाला?" मी फोन करून विचारलं.

"भुंडा दिसत होता गं फोटो."

मागून बाबांचा आवाज आला, "तिला विचार, फोटो आहे की गणपतीचं मखर?"

भुंडा. हा शब्द मी कितीतरी वर्षांनी ऐकला. लहानपणी बांगडी नसलेला हात भुंडा असायचा, टिकली नसलेलं कपाळ भुंडं असायचं आणि आजीच्या नजरेतून दोन्ही सुटायचे नाहीत. आता त्या यादीत फोटो गेला. एकदा हे लक्षात आल्यावर आईच्या गुलाबांवर हसणं मला जरा जड जायला लागलं. ती फोटो सजवत नव्हतीच. घराबाहेर पाठवण्याआधी त्याला नीटनेटकं करत होती.

2018 च्या दिवाळीच्या तोंडावर व्हॉट्सॲपवर स्टिकर आले आणि आईने टाइप करणं जवळजवळ सोडून दिलं. फोटोवर स्टिकर लावायला मात्र तिला माझ्या मुलीने शिकवलं. वरच्या हसऱ्या चौकोनावर बोट, हवं ते निवडायचं, दोन बोटांनी मोठं करायचं, नको असेल तर ओढत नेऊन कचरापेटीत सोडायचं. आईला पहिल्याच दिवशी जमलं. चाळीस वर्षं रांगोळी काढलेला हात आहे तो. चिमटीची सवय होतीच, फक्त रांगोळीत चिमूट हळूहळू रिकामी होते आणि इथे बोटं उघडली की फूल फुगत जातं. सुरुवातीला ते भलतंच फुगायचं. भाच्याच्या वाढदिवसाला त्याच्या डोक्यावर ठेवलेला मुकुट शेजारच्या दोघांनाही पुरला होता. नाकापेक्षा मोती जड म्हणतात तो असा. तिची एकच भीती होती, मूळ फोटो खराब झाला तर? पाठवताना लावलेला गुलाब गॅलरीतल्या फोटोला शिवत नाही, हे तिला दाखवलं तेव्हा तिचा हात खरा मोकळा सुटला.

हळूहळू मला त्या स्टिकरांमागचा हिशोब कळायला लागला. गच्चीतल्या फोटोत मोठा मोर असेल, तर मोरामागे दोरीवर बनियन वाळत असतात. हळदीकुंकवाच्या फोटोत भिंतीवर कमळ उमललं असेल, तर तिथे पावसाळ्यातली ओल आहे. स्वयंपाकघरात अचानक गणपती प्रकटला तर ओळखायचं, गॅसचा सिलिंडर. पाहुणे यायच्या आधी बेडशीट ओढून सारखं करावं, तसं चाललेलं असतं सगळं.

मी तरी कोण शहाणी? आमच्या न्हाणीघरातल्या आरशावर कायम सात-आठ टिकल्या चिकटवलेल्या असायच्या. आत्याची मोठी मरून, आईची लाल, एखादी डिंक संपलेली, नुसत्या ओलाव्यावर टिकून राहिलेली. मी आरशासमोर गुडघे थोडे वाकवून, मान तिरकी करून उभी राहायचे, की आत्याची टिकली बरोबर माझ्या कपाळावर यायची. जरा उंच झालं की नाकावर. भाऊ तर एक डोळा मिटून दोन टिकल्या दोन डोळ्यांवर बसवायचा आणि तशाच अवस्थेत बाहेरून दार वाजेपर्यंत थांबायचा. 2015 मध्ये स्नॅपचॅटवर चेहऱ्याला आपोआप चिकटणारी सोंगं आली, पुढे कुत्र्याचे कान नि लोंबती जीभ आली, तेव्हा सगळे खुळावले. मला नवल वाटलं ते एवढंच, की आता टिकली तोंडामागे पळते. आमच्या वेळी तोंडाला टिकलीमागे जावं लागायचं.

आणि चित्र आहे तसं न ठेवण्याची खोड त्याहूनही जुनी. राजा रविवर्म्याचा छापखाना 1894 मध्ये मुंबईत सुरू झाला, पुढे लोणावळ्याजवळ मळवलीला गेला. तिथून छापील लक्ष्मी-सरस्वती घरोघरी पोचल्या. लोकांनी त्यांना कागदी साडीत राहू दिलं नाही. कुणी लुगड्याच्या जागी खरं कापड चिकटवलं, काठावर जर लावली, दागिन्यांवर मणी आणि चमचमत्या टिकल्या. चेहरा आणि हात तेवढे छापील. अशा तसबिरी आता जुन्या वस्तू जमवणारे लोक शोधत फिरतात. आमच्या आजीकडे होती एक लक्ष्मी, बहुधा कुठल्यातरी नकलेची नक्कल, तिच्या पदराची जर मी खाटेवर उभी राहून नखाने उचकटली आहे. त्याबद्दल मिळालेला धपाटा अजून आठवतो.

जपानमध्ये 1995 साली 'प्रिंट क्लब' नावाची यंत्रं आली. पडद्याआड उभं राहून फोटो काढायचा, की तो छोट्या छोट्या स्टिकरांच्या कागदावर छापून बाहेर. शाळकरी मुली ते वहीवर चिकटवायच्या. पुढे यंत्रातच फोटोवर बदाम, चांदण्या काढायची सोय झाली. आधी फोटोचं स्टिकर, मग त्या स्टिकरवर नक्षी. आईला हे सांगितलं तर ती म्हणाली, "मुली इथूनतिथून सारख्याच."

बदामावरून मात्र घरात एकदा कुरबूर झाली. चुलतबहिणीला मुलगी झाली. बारशाचे फोटो स्टेटसवर आले आणि प्रत्येकात बाळाच्या चेहऱ्यावर एक पिवळा बदाम. कुंची दिसते, पाळणा दिसतो, इवलीशी मूठ दिसते, तोंडाच्या जागी बदाम. आईने तडक तिलाच फोन लावला.

"बाळ बघायला उघडलं गं, तर बदाम!"

"काकू, फोटो कुठे कुठे जातात सांगता येत नाही. आणि तिला विचारलंय कुठे आपण?"

"म्हणजे दृष्ट लागू नये म्हणूनच ना?"

"तसं नाही हो काकू..."

"तसंच आहे. आम्ही गालाला तीट लावायचो, तू तोंडभर लावलीस."

बहिणीने यावर काही उत्तर दिल्याचं माहीत नाही, पण त्या संध्याकाळी आईला एकटीला बिनबदामाचा फोटो आला. (गालबोट हा शब्दही काय आहे बघा. बाळाला मुद्दाम लावायचं ते गालबोट, आणि चांगल्या समारंभात भांडण झालं की लागतं तेही गालबोटच.)

यंदा मेमध्ये चुलतभावाच्या मुलाची मुंज होती. फोनवर पत्रिका करायचं काम मी अंगावर घेतलं. आईला हसणारी मी, तेव्हा आंब्याच्या पानांचं सुरेख तोरण डाउनलोड केलं, मागचा भाग पारदर्शक असल्याची खूण म्हणजे करड्या-पांढऱ्या चौकटी, त्याही होत्या. पत्रिकेवर लावलं तर चौकटींसकट चिकटलं. खूणही चित्रातच छापलेली! घाईत तशीच पाठवली. काकांचा पहिला मेसेज आला, "तोरण लुंगीवर का वाळत घातलंय?"

मुंजीला सगळे आले, भाऊ सोडून. तो जर्मनीत, रजा मिळाली नाही. कार्यालयाच्या दारात सगळ्यांचा मोठा फोटो निघाला आणि घरी आल्यावर आई तो बराच वेळ बघत बसली. मग माझ्या मुलीला म्हणाली, "मामाला घालता येईल का गं यात?"

मुलीने मामाचा बाल्कनीतला एक फोटो फोनमधून शोधून काढला आणि त्याच्यावर बोट दाबून धरलं. त्याच्याभोवती एक पांढरी रेघ सरसरत फिरली आणि मामा बाल्कनीतून अलगद सुटला. त्याला आणून ओळीच्या कडेला, आत्याशेजारी उभं केलं. सगळे घामाने निथळलेले आणि हा एकटा गळ्यापर्यंत चेन ओढलेल्या जाकिटात. सगळ्यांवर ऊन डावीकडून, याच्यावर उजवीकडून. शिवाय बाल्कनीतल्या फुलझाडांच्या खोक्यामागे उभा असल्यामुळे त्याला गुडघ्याखाली काही नव्हतंच. आत्याच्या शेजारी तो वीतभर अधांतरी तरंगत होता.

बाबा चष्मा लावून वाकले. "मुंजीला आलाय की एव्हरेस्टला?"

आईने उत्तर दिलं नाही. तिने स्टिकर उघडले, झेंडूची एक रास शोधली, दोन बोटांनी फुगवली आणि बरोबर त्याच्या गुडघ्यांखाली सरकवली. मग शेजारी आणखी एक, म्हणजे मुद्दाम ठेवल्यासारखी वाटू नये.

बाबा अजून वाकलेलेच होते. "त्याला इकडे घे जरा," ते म्हणाले. "माझ्या बाजूला जागा आहे."

तो फोटो मोठा करून घ्यायला आम्ही कोपऱ्यावरच्या स्टुडिओत गेलो. तिथल्या मुलाने तो कॉम्प्युटरवर मोठा करून पाहिला, आणि त्याच्या कसबी नजरेतून काही सुटलं नाही.

"काकू, ही फुलं काढू का? खाली पाय करून देतो व्यवस्थित. बूटसुद्धा घालतो."

"नको," आई म्हणाली. "पाय तिकडेच राहिलेत त्याचे. फुलं असू दे."